निकालाचं पान आधी

चि. बायस,
अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र आणि सोबतचा नमुना अंक मिळाला. पत्र सलग वाचलं, अंक मात्र पेन्सिल हातात घेऊन पानापानानं पाहिला. खुणा केलेली प्रत वेगळ्या पाकिटातून पाठवतो आहे. त्या खुणांमागची कारणं इथे लिहितो, आणि तुझ्या मुख्य प्रश्नाचं उत्तरही देतो.

प्रश्न असा की, धावायचं की मासिक काढायचं. तुझे प्रशिक्षक म्हणतात, पाच हजार मीटरमध्ये राज्य पातळीवर टिकायचं असेल तर हा कागदांचा नाद सोड. घरचे म्हणतात, दोन्ही सोड आणि स्पर्धा परीक्षेला बस. परीक्षेचं तू घरच्यांशी बोलून ठरव. पण धावणं आणि मासिक यांतलं एकच निवडायला हवं, हे मला मुळीच पटत नाही. कोकणातल्या धावण्याचं मासिक स्वतः धावणाऱ्या माणसानंच काढावं. तू धावणं थांबवलंस तर वर्षभरात त्या मासिकात इकडून तिकडून उतरवलेल्या बातम्यांखेरीज काही उरणार नाही. आणि मासिक सोडलंस तर तू धावत राहशील, पण तुझ्या मागे धावणाऱ्या मुलींची नावं कुणी लिहून ठेवणार नाही.

हे मी एका माणसाच्या आयुष्याच्या आधारावर सांगतो आहे. त्याचं नाव ब्राउनिंग रॉस. माझा थोरला भाऊ व्यापारी जहाजावर होता. अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावरच्या एका बंदरातून त्यानं माझ्यासाठी धावण्याच्या एका मासिकाचे काही जुने अंक आणले. साधा कागद, टंकलेखनयंत्रावर उठवलेली अक्षरं, आणि पानंच्या पानं नुसती नावं आणि वेळा. मी तेव्हा छापखाना चालवत होतो, त्यामुळे पहिल्यांदा नजर गेली ती छपाईकडे, आणि ती यथातथाच होती. मग नावं वाचू लागलो आणि रात्री उशिरापर्यंत वाचत बसलो. ते मासिक म्हणजे रॉसचं ‘लाँग डिस्टन्स लॉग’.

रॉसचा जन्म १९२४ सालचा. न्यू जर्सी राज्यातल्या वुडबरी या गावाशी त्याचं नाव जोडलेलं आहे. दुसऱ्या महायुद्धात तो नौदलात होता, मग व्हिलानोव्हा विद्यापीठात शिकला. १९४८ साली अमेरिकी विद्यापीठांच्या राष्ट्रीय स्पर्धेत त्यानं तीन हजार मीटर स्टीपलचेस जिंकली आणि त्याच वर्षी लंडन ऑलिंपिकच्या अंतिम शर्यतीत सातवा आला. त्या शर्यतीत पहिले तिघंही स्वीडनचे होते. १९५१ साली ब्युनोस आयर्सला पहिल्या पॅन अमेरिकन स्पर्धा भरल्या, तिथे त्यानं १५०० मीटरचं सुवर्णपदक मिळवलं. पुढच्या वर्षी हेलसिंकीला पुन्हा ऑलिंपिक.

स्टीपलचेस म्हणजे काय हे आपल्याकडे पूर्वी समजावून सांगावं लागायचं. आता अविनाश साबळे आणि ललिता बाबर यांच्यामुळे शाळकरी मुलांनाही ती माहीत आहे. पुरुषांच्या शर्यतीत ९१.४ सेंटिमीटर उंचीचे अठ्ठावीस अडथळे आणि पाण्यावरच्या सात उड्या. साध्या हर्डल्सच्या शर्यतीत पाय लागला तर हर्डल पडतो. इथला लाकडी अडथळा पडत नाही, धावणाराच पडतो. थकलेल्या पायांनी शेवटच्या फेरीतही पहिल्या फेरीइतकीच उंच उडी मारावी लागते. ज्यानं हा प्रकार निवडला त्यानं पुढे वीसेक वर्षं एकहाती मासिक चालवलं, याचं मला नवल वाटत नाही.

आणखी एक गोष्ट बघ. १९४८चं लंडन आणि १९५२चं हेलसिंकी, या दोन्ही ऑलिंपिकना आपले खाशाबा जाधवही गेले होते. लंडनला सहावे आले, हेलसिंकीला कांस्यपदक जिंकलं. स्वतंत्र भारताचं ते पहिलं वैयक्तिक ऑलिंपिक पदक. त्यांना अर्जुन पुरस्कार मिळाला तो मृत्यूनंतर. एवढ्या मोठ्या पदकाची ही गत झाली, तर तालुक्याच्या शर्यतीत अकरावी आलेल्या मुलीला कोण लक्षात ठेवणार?

आता मासिकाकडे येतो. १९५६च्या सुरुवातीला रॉसनं ‘लॉग’ काढायला घेतलं. तेव्हा अमेरिकेत रस्त्यावर लांब पल्ला धावणारी माणसं मोजकी होती आणि लोक त्यांच्याकडे विचित्र नजरेनं बघत. वर्तमानपत्रांत बेसबॉलला पानंच्या पानं मिळायची. दहा मैलांच्या शर्यतीची बातमी आलीच तर एका ओळीत, पहिल्या आलेल्याचं नाव घेऊन संपायची. दुसऱ्या राज्यात कोण किती वेगानं धावतो आहे, पुढची शर्यत कुठे आहे, हे कळायला मार्ग नव्हता. रॉस स्वतः धावत होता, शर्यती भरवत होता, त्यामुळे ही अडचण त्याला आतून ठाऊक होती. त्यानं मिळतील तिथून निकाल मागवले, टंकलेखनयंत्रावर बसवले, सायक्लोस्टाइलसारख्या यंत्रावर काढले आणि टपालानं धाडले. स्टेन्सिल कापायचं, शाई लावायची, हँडल फिरवायचं, प्रती जुळवायच्या, टाचणी मारायची, पत्ते लिहायचे. हे सगळं करून झाल्यावर बोटांना जी शाई राहते ती दोन दिवस जात नाही. हे काम तो १९७५पर्यंत करत होता.

तुला यातली सर्वांत महत्त्वाची गोष्ट सांगतो. नुसत्या निकालांच्या त्या मासिकातून एक संघटना जन्माला आली. इंग्लंडमध्ये १९५२पासून ‘रोड रनर्स क्लब’ होता. १९५७च्या ऑगस्टच्या अंकात रॉसनं संपादकीय लिहून मांडलं की असा क्लब अमेरिकेतही हवा. २२ फेब्रुवारी १९५८ला न्यूयॉर्कच्या एका हॉटेलात काही माणसं जमली आणि ‘रोड रनर्स क्लब ऑफ अमेरिका’ स्थापन झाला. ती संघटना आजही आहे, देशभरातले क्लब तिला जोडलेले आहेत. जमलेल्या माणसांची एकमेकांशी ओळख आधीच झालेली होती, कारण महिन्यामागून महिने ती एकाच पानावर एकमेकांची नावं वाचत होती. दापोलीच्या मुलीला देवगडच्या मुलीची वेळ माहीत असणं म्हणजे काय, हे तू माझ्यापेक्षा चांगलं जाणतेस. ती वेळ कळली की दुसऱ्या दिवशी पहाटेचा गजर लवकरचा लागतो.

म्हणून तुझ्या नमुना अंकावर माझी पहिली आणि सर्वांत मोठी खूण अशी की निकालाचं पान आधी आण. तू मुखपृष्ठावर साबळेचा फोटो घेतला आहेस, आत मुंबईतल्या एका नटाची मुलाखत, मग ‘धावण्याचे दहा फायदे’, आणि शेवटून दुसऱ्या पानावर बारीक टाइपात जिल्ह्यातल्या शर्यतीचे पहिले तीन. साबळेबद्दल तुझ्याइतकाच मलाही अभिमान आहे. पण त्याच्याबद्दल लिहायला देशातली वर्तमानपत्रं आहेत. फायदे मोबाइलवर हवे तितके वाचायला मिळतात. गुहागरच्या शर्यतीत चोविसावी आलेली आशा वर्कर किंवा वेंगुर्ल्याच्या शर्यतीत सत्तेचाळिसावा आलेला होडीवरचा खलाशी, यांची वेळ तुझ्याखेरीज कुणी छापणार नाही. शर्यत पूर्ण करणाऱ्या शेवटच्या माणसापर्यंत सगळी नावं छाप. जागा पुरत नसेल तर मुलाखत काढ.

नाव छापलं न जाण्यानं काय होतं, हे बॉस्टनच्या उदाहरणावरून समजेल. १९६६ साली रॉबर्टा गिब नावाची तरुणी तिथल्या मॅरेथॉनमध्ये नंबर न लावता धावली, कारण बायकांना प्रवेशच नव्हता. ६७ आणि ६८लाही धावली. तिन्ही वर्षी धावलेल्या बायकांमध्ये ती पहिली होती. अधिकृत निकालात तिचं नाव नव्हतं. स्पर्धेनं बायकांना रीतसर प्रवेश दिला १९७२ला, आणि गिबचे ते तीन विजय मान्य केले १९९६ साली. तीस वर्षं गेली मध्ये. तू मुलगी आहेस, तुझ्या मासिकात बायकांचा निकाल पुरुषांच्या निकालाखाली ‘उर्वरित’ म्हणून येता कामा नये. दोन्ही शेजारी शेजारी, एकाच मापाच्या अक्षरात. गावाकडे अजून अशा शर्यती होतात जिथे मुलांची वेळ घेतात आणि मुलींचे फक्त नंबर काढतात. तिथे आधी जाऊन बस, आयोजकांना सांग, आणि गरज पडली तर स्वतः घड्याळ धर.

याच्या उलट उदाहरणही आहे आणि ते आपल्या भागातलं आहे. १९२०च्या अँटवर्प ऑलिंपिकमध्ये बेळगावचे फडेप्पा दरेप्पा चौगुले मॅरेथॉन धावले आणि एकोणिसावे आले, दोन तास पन्नास मिनिटं पंचेचाळीस सेकंद. पदक नाही. पण निकालपत्रकात एकोणिसाव्या माणसाचीही नोंद होती, म्हणून शंभर वर्षांनंतर मी तुला त्यांची वेळ सांगू शकतो.

निकाल घेण्याची पद्धत पक्की कर. चिप लावून वेळ घेणाऱ्या कंपन्या मोठ्या शर्यतींना येतात. लहान शर्यतींना माणसंच लागतात. शेवटच्या रेषेवर तीन जण ठेव. एकजण फक्त वेळ बोलेल, दुसरा ती क्रमानं लिहील, तिसरा थोडा पुढे उभा राहून छातीवरचे नंबर त्याच क्रमानं लिहील. दोन्ही याद्या वेगळ्या ठेवायच्या आणि नंतर जुळवायच्या. एकाच माणसाला वेळ आणि नंबर दोन्ही लिहायला लावलं, की दहाजणांचा घोळका एकदम आला तिथे घोटाळा झालाच म्हणून समज. जुळणी आयोजकांच्या मांडवात बसून त्याच दिवशी कर. घरी नेलेल्या याद्यांमधल्या चुका घरीच राहतात.

नावांबाबत फार कडक राहा. नोंदणी हल्ली इंग्रजीत होते आणि मग त्यावरून मराठी करताना ‘माने’चे ‘मणे’ आणि ‘बने’चे ‘बाणे’ होतात. अर्जातच मराठीत नाव लिहायला रकाना ठेवायला सांग. आडनावानंतर गावाचं नाव घाल, नुसता तालुका नको. आपल्याकडे एकेका वाडीत एकाच आडनावाची पन्नास घरं असतात, नावं तीच, बापांची नावंही तीच. गाव आणि वय असलं तरच माणूस ओळखू येतो. छापखान्यात आम्ही लग्नपत्रिकेचं प्रूफ तीन जणांकडून वाचून घ्यायचो, कारण चुकीचं नाव छापलेली पत्रिका कुणी वाटत नाही. निकालाचं प्रूफ तसंच वाच.

आता एक गोष्ट जी तुझ्या अंकात अजिबात नाही, आणि जिच्याशिवाय निकालाला अर्थ नाही. अंतर.

आपल्याकडे पाच किलोमीटरच्या शर्यतीलाही मॅरेथॉन म्हणतात. मांडवावर, बॅनरवर, पुढाऱ्यांच्या भाषणात सगळीकडे. तू म्हणू नकोस. तुझ्या मासिकात मॅरेथॉन म्हणजे ४२.१९५ किलोमीटर आणि दुसरं काही नाही, हे पहिल्या अंकात चौकटीत छापून टाक. आणि अंतर मोजलेलं आहे की अंदाजानं ठरवलेलं आहे, हे प्रत्येक निकालाच्या डोक्यावर लिही.

या मोजणीची अमेरिकेतली कहाणीही रॉसच्याच वर्तुळातली आहे. टेड कॉर्बिट नावाचा काळा धावपटू, पेशानं फिजिओथेरपिस्ट, हेलसिंकीला रॉसच्याच संघात मॅरेथॉन धावला. न्यूयॉर्कच्या रोड रनर्स क्लबचा तो पहिला अध्यक्ष. १९६४ साली त्यानं रस्त्यावरची अंतरं कशी मोजावीत यावर सविस्तर पुस्तिका लिहिली. आज जगभर जी पद्धत चालते तिच्या मुळाशी त्याचं ते काम आहे. पद्धत साधी आहे, चिकाटी मात्र लागते. सरळ सपाट रस्त्यावर पोलादी फितीनं निदान तीनशे मीटरचा टप्पा मोजायचा. सायकलच्या चाकाला मोजणीयंत्र लावून त्या टप्प्यावरून चार फेऱ्या मारायच्या आणि एका किलोमीटरला किती आकडे पडतात ते काढायचं. मग शर्यतीचा मार्ग मोजायचा, वळणांवर रस्त्याच्या कडेपासून तीस सेंटिमीटर अंतर ठेवून, म्हणजे धावणारा जास्तीत जास्त जवळून जाऊ शकेल त्या वाटेनं. मोजून झालं की परत त्याच टप्प्यावर चार फेऱ्या. आणि मार्ग कमी भरू नये म्हणून हजारात एक या प्रमाणात अंतर वाढवायचं. पूर्ण मॅरेथॉनला ते बेचाळीस मीटर होतात.

शेवटच्या चार फेऱ्या आपल्याकडे कधीही गाळू नकोस. सकाळी सहाला टायर गार असतो, नऊपर्यंत कातळावरचा रस्ता तापतो, टायरमधली हवा फुगते, चाकाचा घेर वाढतो आणि त्याच किलोमीटरला आकडे कमी पडतात. मार्च-एप्रिलमध्ये जांभ्याच्या सड्यावर मोजणी केलीस तर हा फरक स्पष्ट दिसेल. मोबाइलच्या घड्याळावर विसंबू नकोस. घाटीत, झाडोऱ्यात आणि वळणावळणांच्या रस्त्यावर ते उपग्रहाशी चुकतं, आणि आपला बहुतेक किनारा असाच आहे.

पुळणीवरच्या शर्यती सुंदर असतात, मलाही आवडतात. पण त्यांच्या वेळा रस्त्यावरच्या वेळांशेजारी मांडू नकोस. ओहोटीला वाळू ओली, घट्ट आणि सपाट असते, भरती चढू लागली की धावणारे मऊ वाळूकडे ढकलले जातात. भरतीची वेळ रोज साधारण पन्नास मिनिटांनी पुढे सरकते, आणि अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणाला पाणी कुठवर येतं ते कोळीवाड्यात विचारल्याशिवाय मार्ग आखू नये. अशा शर्यतीच्या निकालावर तिथी, ओहोटीची वेळ आणि शर्यत सुटल्याची वेळ छाप. मग पुढच्या वर्षी वाचणाऱ्याला तुलना करता येईल. रस्त्यावरच्या शर्यतींनाही हवेची नोंद हवी. डिसेंबरातल्या पहाटेची आणि मे महिन्यातल्या घामट सकाळची वेळ सारखी धरली तर मे महिन्यात धावलेल्या मुलीवर अन्याय होतो.

घाट उतरून येणाऱ्या शर्यतींचं काय, असंही तू विचारलं होतंस. आंबा घाटातून खाली धावलेली वेळ विक्रम म्हणून कधीही छापू नकोस. जागतिक नियम असा आहे की सुरुवात आणि शेवट यांतली उंची किलोमीटरमागे एक मीटरपेक्षा जास्त उतरलेली नसावी, आणि ही दोन ठिकाणं एकमेकांपासून शर्यतीच्या निम्म्या अंतरापेक्षा लांब नसावीत. २०११ साली बॉस्टनला जेफ्री मुताई २:०३:०२ धावला. तेव्हाचा विश्वविक्रम २:०३:५९ होता. तरी मुताईची वेळ विक्रम धरली गेली नाही, कारण तो मार्ग या दोन्ही अटींत बसत नाही. घाटातली शर्यत जरूर छाप, तिचं कौतुक कर, फक्त तिच्या डोक्यावर किती उतार आहे ते लिही.

पैशांबद्दल तू जे लिहिलंस त्यात मला भीती दिसली नाही, बरं वाटलं. पण हिशेब नीट कर. मासिक काढू नकोस, त्रैमासिक काढ. आपल्या शर्यतींचा मोसम पावसानंतर सुरू होतो आणि होळीपर्यंत संपत येतो. रत्नागिरीत वर्षाला तीन हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस पडतो, त्या चार महिन्यांत निकाल काय छापणार? शिवाय पावसाळ्यात कागद हवा पितो, कडा वळतात, यंत्रात दोन दोन ताव एकदम जातात. आम्ही मिरगाआधीच कागद घेऊन तो सुक्या खोलीत फळ्यांवर रचून ठेवायचो. पावसाळी अंक एकच काढ, त्यात वर्षभराच्या वेळांची एकत्र यादी दे. वयोगटांप्रमाणे वर्षातल्या उत्तम वेळा. तो अंक लोक जपून ठेवतील.

नोंदणी सुरुवातीलाच करून घे. १ मार्च २०२४पासून नियतकालिकांचा नवा कायदा लागू झाला आहे, १८६७चा जुना कायदा त्यानं बदलला. शीर्षकाचा अर्ज आणि नोंदणी आता ‘प्रेस सेवा’ पोर्टलवर होते. प्रत्येक प्रतीवर संपादक, प्रकाशक आणि मुद्रक यांची नावं आणि प्रकाशनाचं ठिकाण छापावं लागतं. जाहिराती घे, पण चपलांच्या दुकानाची, भात गिरणीची, काजूवाल्याची घे. स्नायू फुगवण्याच्या पावडरी विकणारे आले तर नाही म्हण. तुझे वाचक सोळा-सतरा वर्षांची मुलं आहेत.

एकट्यानं नियतकालिक चालवणं आपल्या किनाऱ्याला नवीन नाही. देवगड तालुक्यातल्या पोंभुर्ल्याचे बाळशास्त्री जांभेकर विशीच्या आसपास होते, तेव्हा ६ जानेवारी १८३२ला ‘दर्पण’ निघालं. १८४०ला त्यांनी ‘दिग्दर्शन’ हे मासिक काढलं. मुरुडच्या कर्व्यांच्या घरातले र. धों. कर्वे यांनी ‘समाजस्वास्थ्य’ १९२७ ते १९५३ असं शेवटपर्यंत चालवलं. कॉलेजातली नोकरी त्याआधीच सोडावी लागली होती, खटले झाले, त्यातल्या १९३४च्या खटल्यात डॉ. बाबासाहेब आंबेडकर त्यांचे वकील होते. अंक निघत राहिला. तुझ्यावर खटले होणार नाहीत. तुला कंटाळ्याशी लढायचं आहे, तिसऱ्या वर्षीच्या चौथ्या अंकाच्या कंटाळ्याशी, जेव्हा आयोजक निकाल पाठवत नाहीत आणि वर्गणीदार नूतनीकरण विसरतात. तेव्हा आयोजकाच्या दारात जाऊन बसायची तयारी ठेव.

आणि धावण्याचं काय? रॉस मासिक चालवत असतानाही धावत राहिला, शर्यती भरवत राहिला, शाळेतल्या मुलांना शिकवत राहिला. १९९८ साली, वयाच्या चौऱ्याहत्तराव्या वर्षी, सकाळचं धावून आल्यावर त्याचं निधन झालं. त्याच्या ऑलिंपिकच्या वेळा फारशा कुणाच्या लक्षात नाहीत. ‘लॉग’चे अंक मात्र अमेरिकेत अजून संदर्भासाठी काढले जातात, कारण त्या काळातल्या कितीतरी शर्यतींची नोंद दुसरीकडे कुठे नाही.

तुझं वेळापत्रक मी असं बघतो. पहाट तुझ्या पायांची, तिथे अंकाचं काहीही शिरू देऊ नकोस. मोबाइल घरी ठेव. लांब अंतर रविवारी सड्यावर, वेगाचं काम ओहोटीच्या ओल्या पुळणीवर किंवा मैदानात, आणि पावसात चढ. महत्त्वाच्या स्पर्धेआधीचे तीन आठवडे अंकाचं काम बंद, आणि ते बंद राहील अशा बेतानं अंकाच्या तारखा आधीच ठरव. स्वतः धावलेल्या शर्यतीचा वृत्तान्त स्वतः लिहू नकोस, दुसऱ्या धावणारीकडून लिहून घे. तुझा निकाल इतरांच्याच ओळीत, त्याच टाइपात येईल. प्रशिक्षकांना माझं हे पत्र दाखव. त्यांचा विरोध कामाला नसून विस्कळीतपणाला असावा, असं मला तुझ्या पत्रावरून वाटलं. तारखांचा तक्ता समोर ठेवलास तर ते ऐकतील.

घरच्यांना सांगायला एक उदाहरण देतो. टिळक रत्नागिरीत जन्मले. पुण्यात कॉलेजच्या पहिल्या वर्षी प्रकृती बळकट करायची म्हणून त्यांनी अभ्यास मागे ठेवून तालीम आणि पोहणं केलं, आणि पुढे ‘केसरी’ चालवला, तुरुंगही सोसले. वडिलांना हे पटेलच असं नाही, पण ते ऐकून तरी घेतील.

डिसेंबरातल्या शर्यतीचे निकाल पहिल्या अंकात घे. त्यासाठी आयोजकांना आत्ताच पत्र लिही, मराठी नावाचा रकाना आणि मुलींच्या वेळा या दोन गोष्टी पत्रात ठळक असू देत. मोजणीची सायकल घ्यायला इकडे ये, मोजणीयंत्र आणि पोलादी फीत माझ्याकडे आहे, पहिला मार्ग आपण बरोबर मोजू. दुरुस्त केलेला नमुना शिमग्याआधी पाठव. प्रूफं मी वाचीन, फक्त नावांची यादी तू स्वतः शेवटपर्यंत वाचल्याशिवाय छपाईला सोडू नकोस.

तुझा,
काका